खनिज कायद्यात जप्त झालेली गाडी कोर्टाने मालकाला परत द्यावी का? (ग्वाल्हेरच्या तीन वस्त्यांतल्या तिघांची चर्चा)

दाल बाजार
द्यावी, असं माझं ठाम मत आहे. डबऱ्याहून ग्वाल्हेरला रेती आणणारा ओळखीतला एक डंपर पावसाळ्यापासून ठाण्याच्या आवारात उभा आहे. ई-टीपी (खनिज वाहतुकीचा ऑनलाइन पास) होती, पण रस्त्यात जाम लागला आणि तिची वेळ उलटून गेली. गुन्हा असेल तर खटला चालवा, दंड घ्या. गाडी गंजत ठेवून सरकारला काय मिळतं? फायनान्सचा हप्ता तर थांबत नाही. सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २००२ मध्येच सांगितलंय की जप्त गाड्या ठाण्यात पडू देऊ नका, फोटो काढा, जातमुचलका आणि हमी घ्या, सुपुर्दगीवर (कोर्ट मागेल तेव्हा हजर करायच्या अटीवर मालकाच्या ताब्यात) सोडा. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहिता या फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याच्या कलम ४९७ मध्ये मुदतही आहे: गाडी कोर्टासमोर आल्यावर १४ दिवसांत तपशील नोंदवायचा, त्यानंतर ३० दिवसांत आदेश. हा हक्क मागायला कोर्टात गेलेल्या माणसाला लगेच रेतीमाफिया म्हणतात, त्याचा मला राग येतो.

शिंदे की छावणी
अजिबात पटलं नाही. एका डंपरवरून नियम ठरवू नका. मार्च-एप्रिलमध्ये घडियालच्या (लांब तोंडाच्या सुसरीच्या) माद्या चंबळ अभयारण्यात नदीकाठच्या वाळूत अंडी घालतात, जूनच्या सुमारास पिल्लं बाहेर येतात. तीच वाळू ट्रॉल्या भरून उचलली जाते. आणि मुरैना जिल्ह्यातलं २०१२ चं बामोर विसरलात का? नरेंद्र कुमार हे तरुण आयपीएस अधिकारी दगडांनी भरलेली ट्रॅक्टर-ट्रॉली अडवायला गेले आणि तिच्याखालीच चिरडले गेले. चालक पकडला तर धंदेवाल्याला दुसरा मिळतो. त्याला झळ बसते ती गाडी गेल्यावरच. चंबळच्या रेतीतला एक ट्रॅक्टर हायकोर्टाच्या आपल्याच ग्वाल्हेर खंडपीठाने सोडला होता. सुप्रीम कोर्टाने २०१९ मध्ये उदय सिंह प्रकरणात तो आदेश रद्द केला, हेही लिहा ना.

मोरार
दोघांचेही निकाल बरोबर आहेत, कायदे वेगळे आहेत. उदय सिंह प्रकरण वन कायद्याचं. मध्य प्रदेशच्या दुरुस्तीनुसार वन अधिकाऱ्याने राजसातची (गाडी कायमची सरकारजमा करण्याची) कारवाई सुरू करून मॅजिस्ट्रेटला कळवलं की कलम ५२-सी लागतं आणि मॅजिस्ट्रेटला गाडी सोडता येत नाही. मग आपल्या नकळत गाडी वापरली गेली आणि आपण पुरेशी काळजी घेतली होती, हे मालकानेच सिद्ध करायचं. १९५७ च्या खनिज अधिनियमात मात्र कलम २१(४अ) प्रमाणे राजसातचा आदेश कोर्टाचा असतो. त्यातच राज्याचे २०२२ चे नियम: रॉयल्टीच्या (खनिजावर सरकारला द्यायच्या शुल्काच्या) १५ पट दंड, वर पर्यावरण भरपाई, हे सगळं कलेक्टरसमोर चालतं. म्हणून जप्तीच्या कागदावर कोणतं कलम आहे ते आधी बघा. वकील मंडळीही कधीकधी हे न बघता अर्ज टाकतात आणि गाडी सुटणं आणखी लांबतं. दुसरं, दंड भरून तडजोड केली तरी चोरीचा गुन्हा उरतो. सुप्रीम कोर्टाच्या जयंत प्रकरणात २०२० मध्ये हे स्पष्ट झालंय.

दाल बाजार
बामोरची गोष्ट विसरलेलो नाही. तशी गाडी मीही सोडा म्हणणार नाही. पण अभयारण्यातून चोरलेली रेती आणि वेळ उलटलेली ई-टीपी यांना एकच शिक्षा? खटला वर्षानुवर्षं चालणार, शेवटी मालक निर्दोष सुटला तर त्याच्या हाती भंगार येणार. ही शिक्षा त्याला कोणत्या निकालाने झाली?

शिंदे की छावणी
अहो, पास उलटलेल्याला सोडा, माझी हरकत नाही. पण जाम होता की त्याच पासवर दुसरी फेरी मारली, हे टोलनाक्याच्या नोंदी आणि जीपीएस बघून आधी ठरवा. सोडताना गाडीच्या पूर्ण किमतीची हमी घ्या. तीच गाडी दुसऱ्यांदा सापडली तर मालकाचा अर्ज कितीही चांगला असला तरी मी विरोधच करीन.