चिराग शेट्टीला 'अर्धा चॅम्पियन' म्हणणाऱ्यांसाठी

नेटजवळचा

'बेसलाइन' यांची कालची पोस्ट वाचून गप्प बसवेना, म्हणून सविस्तर लिहितोय. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: बॅडमिंटनच्या दुहेरीतला विजेता म्हणजे अर्धा चॅम्पियन, एकेरीत जमलं नाही की माणसं दुहेरीत जातात, चिराग शेट्टीचं नाव त्याचा जोडीदार सात्विकच्या स्मॅशवर झालं, आणि ऑलिंपिक पदक नसताना खेलरत्न देणं घाईचं होतं.

चिराग मुंबईचा, गोरेगावात उदय पवारांच्या अकॅडमीत घडलेला, पुढे हैदराबादला गोपीचंद अकॅडमीत गेलेला. सात्विक अमलापुरमचा, वयाने तीन वर्षांनी लहान. मलेशियाचे कोच टॅन किम हर यांनी या दोघांची जोडी लावली तेव्हा दोघंही मागून मारणारे होते. दोघंही उंच, दोघांनाही स्मॅश हवा. अशा जोडीत पहिला प्रश्न येतो तो पुढे कोण उभं राहणार हा. जो पुढे जातो त्याला आपला सगळ्यात आवडता फटका निम्म्या वेळा सोडून द्यावा लागतो. चिरागने तो सोडला आणि नेटवरचं काम शिकून घेतलं.

ते काम काय असतं ते नीट बघा. सात्विक उजव्या कोपऱ्यातून मारतो तेव्हा चिराग नेटला चिकटून उभा नसतो. तो 'टी'च्या, म्हणजे पुढची सर्व्हिस रेषा मधल्या रेषेला मिळते त्या जागेच्या, पाऊलभर मागे असतो, स्मॅश ज्या बाजूला जाणार त्या बाजूला किंचित सरकलेला. कोपर शरीराच्या पुढे, रॅकेटचं डोकं नेटच्या पट्टीच्या उंचीला. नवखी जोडी इथेच फसते. पुढचा गडी नेटला अगदी खेटून थांबतो, समोरून आलेला सपाट ड्राइव्ह त्याच्या कानाजवळून जातो आणि मागच्याला तो कमरेखालून उचलावा लागतो. अटॅक संपला, आता तुम्ही डिफेन्सला. चिराग तो ड्राइव्ह मध्येच अडवतो, तेही जोरात न मारता. नुसतं रॅकेट लावून शटल खाली ढकलतो, म्हणजे समोरच्याला पुन्हा उचलावंच लागतं आणि सात्विकला दुसरा स्मॅश मिळतो. टाळ्या त्या दुसऱ्या स्मॅशला पडतात. तो मिळवून कोणी दिला हे स्कोअरकार्डवर येत नाही.

आणि हे एका रात्रीत जमलं नाही. मलेशियाच्या अ‍ॅरन चिया आणि सोह वूई यिक यांच्याविरुद्ध ही जोडी ओळीने आठ सामने हरली होती. नववा सामना होता 2023 च्या इंडोनेशिया ओपनची फायनल, सुपर 1000 म्हणजे वरच्या दर्जाची स्पर्धा. तो 21-17, 21-18 असा सरळ जिंकला. त्याच वर्षी आशियाई स्पर्धेच्या सेमीफायनलला त्याच जोडीला पुन्हा हरवलं, मग सुवर्ण, मग जागतिक क्रमवारीत पहिला नंबर. नशिबाने एखादी मॅच निघते, अख्खं वर्ष निघत नाही.

बेसलाइन

माझं नाव घेऊन लिहिलंत, तर उत्तर देणं आलं. नेटवरच्या कामाचं जे लिहिलंत ते मान्य. पण माझा मुद्दा तुम्ही टाळलात. सिंधू कोर्टवर एकटी असते. पाय दुखला, श्वास फुलला, सर्व्हिस बिघडली तरी झाकायला दुसरं कोणी नसतं. तिची दोन ऑलिंपिक पदकं आहेत. दुहेरीत एकाचा दिवस वाईट गेला तर दुसरा सांभाळून घेतो. आणि मोठ्या दिवशी काय झालं? पॅरिस 2024, क्वार्टर फायनल, पहिला गेम 21-13 ने घेतला आणि पुढचे दोन 14-21, 16-21 असे घालवले. समोर तेच चिया-सोह. मग 'शिकले' म्हणायचं ते कुठे गेलं?

सोळा पिसं

"एकाचा दिवस वाईट गेला तर दुसरा सांभाळतो" हे वाक्य दुहेरी फक्त टीव्हीवर बघणाऱ्याचं आहे. वस्तुस्थिती नेमकी उलटी आहे. दुहेरीत ज्याचा दिवस वाईट त्याच्याकडेच प्रत्येक शटल जातं. समोरची जोडी दहा पॉइंटांत ओळखते की कोणाची बॅकहँड बाजू ढिली आहे, आणि मग सर्व्हिस रिसीव्ह करण्यापासून सगळं त्याच्या अंगावर. जोडीदाराने मध्ये घुसून वाचवायचं म्हटलं तर त्याची स्वतःची जागा उघडी पडते. एकेरीत कमकुवत फटका पळून झाकता येतो, इथे ती सोय नाही.

टोकियो ऑलिंपिकचंही एकदा नीट मांडतो, कारण 'ग्रुपमध्येच बाद' असं म्हणून लोक मोकळे होतात. तीन सामन्यांपैकी दोन जिंकले. पहिलाच सामना तैवानच्या ली यांग आणि वांग ची-लिन यांच्याशी होता, तो 21-16, 16-21, 27-25 असा काढला. इंडोनेशियाच्या गिडियॉन-सुकामुल्योकडून हरले, लेन-वेंडी या ब्रिटिश जोडीला हरवलं. तीन जोड्यांचे दोन-दोन विजय झाले, म्हणून जिंकलेल्या आणि हरलेल्या गेमचा फरक मोजला. इंडोनेशियाचा तीन, तैवानचा दोन, आपला एक. एका गेमने बाहेर. आणि ज्यांना यांनी हरवलं होतं त्याच ली-वांगनी सुवर्णपदक नेलं.

मिश्र दुहेरी

गेमच्या फरकाचा विषय निघालाच आहे तर ज्वाला गुट्टा आणि अश्विनी पोनप्पांचं नाव इथे कोणीच कसं घेत नाही? लंडन 2012 ला त्या दोघी दोन सामने जिंकूनही बाहेर गेल्या, आणि तिथे गेमने नव्हे, एका पॉइंटच्या फरकाने. त्याच स्पर्धेत मुद्दाम हरल्याबद्दल चार जोड्यांना काढून टाकलं होतं. त्याच्या आदल्या वर्षी या दोघींनी जागतिक स्पर्धेत ब्राँझ मिळवलं होतं, तेव्हा पुरुष दुहेरीत आपली कोणी जोडी त्या पायरीवर पोचलेली नव्हती. त्याही आधी, 1978 ला, अमी घिया आणि कंवल ठाकर सिंग यांनी राष्ट्रकुलमध्ये ब्राँझ आणलं. दुहेरीची गोष्ट चिराग-सात्विकपासून सुरू करू नका. संताप येतो.

नेटजवळचा

मान्य, ते राहून गेलं. माझी चूक.

उंच सर्व्हिस

सगळे स्मॅश आणि नेटवर भांडताय. या जोडीचा खरा झगडा सर्व्हिसशी आहे, आणि तो नियमाने लादलेला आहे. मार्च 2018 पासून सर्व्हिसच्या क्षणी अख्खं शटल जमिनीपासून 1.15 मीटरच्या खाली असलं पाहिजे. आधी मोजमाप शेवटच्या बरगडीचं होतं, म्हणजे ज्याच्या त्याच्या उंचीप्रमाणे. सहा फुटांपेक्षा उंच माणसाची बरगडी 1.15 च्या वरच असते. उंच खेळाडूचा हात या नियमाने खाली ओढला, बुटक्यांचं काहीच बिघडलं नाही. बुटके गिडियॉन-सुकामुल्यो 2018 ला कसे जिंकत सुटले होते ते आठवा.

बेसलाइन

नियम सगळ्यांना सारखा आहे. नेटही सगळ्यांना 1.524 मीटरचंच आहे, तिथे बुटक्याने तक्रार करायची का? उंचीचा फायदा स्मॅशच्या कोनात रोज घ्यायचा आणि सर्व्हिसला रडायचं, हे पटत नाही. आधी सर्व्हिस जज शर्टाखालची बरगडी अंदाजाने ठरवायचा. आता त्याच्यासमोर रेघा आखलेल्या पारदर्शक पट्ट्या असतात. वाद कमी झाले.

उंच सर्व्हिस

रडण्याचा प्रश्न नाही, भूमिती बघा. सर्व्हर नेटपासून 1.98 मीटरच्या रेषेमागे उभा राहतो, हात पुढे काढून शटलला नेटपासून साधारण दीड मीटरवर लावतो. तिथून 1.524 च्या पट्टीवरून काढायचं म्हणजे दीड मीटरच्या अंतरात 37 सेंटिमीटर चढवायचं. शिवाय 'अख्खं शटल' म्हणजे पिसांची टोकंसुद्धा. बॅकहँड सर्व्हिसला आपण शटल पिसांच्या टोकाला धरतो, बूच खाली असतं. त्यामुळे 1.15 ची हद्द लागते ती चिमटीजवळ, रॅकेट जिथे लागतं ते बूच आणखी सात-आठ सेंटिमीटर खाली. शटल तिरपं धरलं तर यातले तीन-चार सेंटिमीटर वाचतात, म्हणून हल्ली बरेच जण ते तिरपं धरताना दिसतील.

जितकं खालून माराल तितका चढ तीव्र. तीव्र चढाचं शटल नेट ओलांडल्यावरही वर जात राहतं. समोरचा रिसीव्हर रेषेला पाय लावून रॅकेट वर करून उभाच असतो, पट्टीच्या वर वीतभर शटल दिसलं की तो झेपावून खाली मारतो. चांगली सर्व्हिस नेटच्या अलीकडेच आपल्या सर्वोच्च जागी पोचते आणि पट्टी ओलांडताना उतरू लागलेली असते. उंच माणसाला हे साधायला गुडघे वाकवून, पाय फाकवून खाली बसावं लागतं. नियमाने दोन्ही पावलं जमिनीला टेकलेली आणि स्थिर हवीत, तेवढं चालतं. पण सर्व्हिस झाल्या झाल्या त्या बैठकीतून उठून नेटवर धावायचं असतं. सर्व्हिस आणि रिटर्ननंतरचा तिसरा फटका तिथेच हुकतो.

सोळा पिसं

हे शंभर टक्के बरोबर. दबावाखाली सर्व्हिस बिघडते ती याच जागी. मनगट घट्ट होतं, माणूस शटलला पुढे ढकलण्याऐवजी खालून वर उचलतो. उपाय ताकदीचा नाही. अंगठा रॅकेटच्या दांड्याच्या रुंद बाजूवर सपाट, मागे खेचणं एक वीतही नाही, आणि हालचाल कोपरापासून, मनगट जवळपास मुकं. दुसरी चूक वेळेची. रिसीव्हर मुद्दाम थांबवून ठेवतो, सर्व्हर ताटकळतो, खांदे वर येतात आणि चिमटीतलं शटल दोन बोटं वर सरकतं. फॉल्ट तिथे मिळतो.

बेसलाइन

तुम्ही सगळे मिळून हेच सिद्ध करताय की उंच जोडीने सर्व्हिसवर आणखी काम करायला हवं. नियमाला दोष कशाला?

उंच सर्व्हिस

तुम्हाला वाचायचंच नाहीये. काम ते करतातच. मी म्हणतोय त्यांचं यश मोजताना ही अडचण धरा. 'सर्व्हिसला रडतात' असं लिहिणं हा त्या खेळाडूंचा अपमान आहे आणि तो मी ऐकून घेणार नाही.

मिश्र दुहेरी

दोघांनीही जरा आवाज खाली घ्या. सर्व्हिसचा फायदा घेणाऱ्यांना नियम वेळोवेळी अडवतच आलाय. 2023 ला डेन्मार्कच्या एका खेळाडूने बोटांनी शटलला गिरकी देऊन सर्व्हिस सुरू केली. रिसीव्हरना शटल कसं वळेल ते कळेना, आणि काही आठवड्यांतच बंदी आली. नियम बदलतात, 1.15 सुद्धा दगडावरची रेघ नाही.

सोळा पिसं

मूळ विषयाकडे. बेसलाइन, 'सात्विकच्या स्मॅशवर नाव झालं' याला तुमचा आधार तो 565 किलोमीटरचा विक्रम ना? तो एप्रिल 2023 ला जपानमध्ये रॅकेट कंपनीच्या कारखान्यातल्या जिममध्ये मोजला. वेग रॅकेटवरून सुटतानाचा. शटलच्या पिसांना हवा इतकी धरते की समोरच्या रॅकेटपर्यंत त्यातला थोडाच उरतो. मॅचमध्ये नुसत्या वेगाने पॉइंट मिळत नाही. तो मिळतो स्मॅश कुठे मारला आणि पुढचा कुठे उभा होता यावर. दोन डिफेंडरच्या मधल्या फटीत किंवा उजव्या हाताच्या कोपरावर मारलेला मध्यम स्मॅश जास्त कामाचा.

अर्ध्याचाच हिशोब करायचा तर पैशाचा करा. त्याच 2023 च्या इंडोनेशिया ओपनमध्ये एकेरीच्या विजेत्याला 87,500 डॉलर मिळाले. दुहेरीच्या जोडीला 92,500, म्हणजे माणशी 46,250. तेवढ्याच फेऱ्या, तेवढाच आठवडा.

बेसलाइन

पैशाचं मला ठाऊक होतं. ते अन्यायाचं आहे, मी कधी नाही म्हटलं?

जोडीदाराच्या प्रश्नावर मात्र मला अजून उत्तर मिळालेलं नाही. उद्या जोडी तुटली तर एकटा चिराग काय करेल? तोच एकेरी-दुहेरीतला फरक आहे.

नेटजवळचा

याला उत्तर आहे, हेंद्रा सेतियावान. मार्किस किडोबरोबर 2007 ला जगज्जेता, 2008 ला ऑलिंपिक सुवर्ण. मग जोडीदार बदलला, मोहम्मद अहसान आला, आणि 2013, 2015, 2019 अशी आणखी तीन जागतिक विजेतेपदं. तोही नेटवरचाच माणूस. पुढचं काम येणारा खेळाडू कोणत्याही चांगल्या मारणाऱ्याला मोठा करू शकतो.

आणि 'मोठ्या दिवसा'चं म्हणाल तर थॉमस कप, म्हणजे पुरुषांच्या सांघिक जागतिक स्पर्धेची फायनल, बँकॉक, 2022. समोर तोच अहसान आणि सुकामुल्यो. पहिला गेम गेला, दुसऱ्यात चार मॅच पॉइंट वाचवले, 18-21, 23-21, 21-19. लक्ष्य सेनने एकेरीची पहिली मॅच जिंकली होती, यांनी 2-0 केलं आणि श्रीकांतने कप घरी आणला. तो दिवस मोठा नव्हता?

बेसलाइन

थॉमस कप मी विसरलो नव्हतो, पण हो, माझ्या पोस्टमध्ये तो नव्हता. 2025 च्या जागतिक स्पर्धेत चिया-सोहला पॅरिसमध्येच 21-12, 21-19 ने हरवून ब्राँझ घेतलं, तेही तुमच्यापैकी कोणी काढण्याआधी मीच काढतो. 'अर्धा' हा शब्द मागे घेतो. ऑलिंपिक पदकाविना खेलरत्न घाईचं, हे माझं मत कायम आहे.

उंच सर्व्हिस

ते मत ठेवा. सर्व्हिसवर मात्र माझं संपलेलं नाही. कोणीतरी फ्लिकचं, म्हणजे छोटी दाखवून रिसीव्हरच्या डोक्यावरून मागे टाकायच्या सर्व्हिसचं लिहा, रिसीव्हर इतका पुढे झुकतो तो फ्लिकची भीती नसते म्हणूनच.

सोळा पिसं

लिहितो. दुहेरीत सर्व्हिसचा चौकोन मागून 76 सेंटिमीटर कापलेला असतो, त्यामुळे फ्लिकला जागा फक्त 3.96 मीटर. फार उंच मारला तर रिसीव्हर मागे जाऊन स्मॅश करतो, फार सपाट मारला तर तो उडी मारून मध्येच तोडतो. रॅकेट शटलला लागेपर्यंत हालचाल अगदी छोट्या सर्व्हिससारखी हवी, शेवटच्या क्षणी फक्त अंगठ्याचा दाब. उंची रिसीव्हरच्या वर केलेल्या रॅकेटच्या जेमतेम वर. आणि मारल्यावर पुढे जायचं नाही. सर्व्हरने सरळ मागे एका बाजूला सरकून डिफेन्सची जागा घ्यायची. हे विसरून नेटकडे धावणारेच पुढच्या स्मॅशला सापडतात.