मदत हवी आहे: बटरमधली कोळंबी (एटुफे) – सॉस फुटतो, कोळंबी रबर होते

भाताची_मूद

मंडळी, शनिवारी आठ माणसं जेवायला आहेत आणि मी उत्साहाच्या भरात "लुइझियानाची कोळंबी खायला घालते" असं बोलून बसलेय. आता वाचवा.

आधी थोडं पुराण. नवऱ्याच्या कामानिमित्त आम्ही दोन वर्षं अमेरिकेत, लुइझियाना राज्यातल्या बॅटन रूजला होतो. घरमालकीणबाई पंचाहत्तरीच्या, पक्क्या केजन (तिकडचे मूळचे फ्रेंच बोलणारे लोक). ऑगस्टमध्ये तिकडे पांढऱ्या कोळंबीचा हंगाम सुरू झाला की रस्त्याकडेला गाडीमागे बर्फाच्या पेट्या मांडून लोक विकायला बसतात, डोक्यासकट. बाई पाच-सहा पाउंड घेऊन यायच्या आणि एटुफे करायच्या. कांदा, सेलरी आणि हिरवी ढोबळी मिरची (या तिघांना ते चक्क 'होली ट्रिनिटी' म्हणतात) भरपूर बटरमध्ये, त्यात मैदा, मग कोळंबी, आणि हे सगळं पांढऱ्या मोकळ्या भातावर. रंग पार्लेजीसारखा, सॉस चमच्याला धरून राहील असा, आणि कोळंबी दाताखाली टचकन तुटणारी.

तेव्हा नुसतं खाल्लं. कृती लिहून घेतली नाही. परवा फोन केला तर म्हणाल्या, "रू तयार दिसला की कळतं." (रू म्हणजे बटरमध्ये किंवा तेलात भाजलेला मैदा.) माझी आई पुरणाबद्दल हेच सांगते.

आता ठाण्यात दोनदा करून झालं.

पहिल्यांदा बटर आणि मैदा साधारण सारखे घेतले, मिनिटभर परतून पाणी ओतलं. सासूबाई चव घेऊन म्हणाल्या, "कोळंबी घातलेलं पिठलं बरं लागतंय हो." खरंच कच्च्या पिठाचा वास होता.

दुसऱ्यांदा पिठल्याच्या धास्तीने १५० ग्रॅम बटरला दोनच चमचे मैदा घातला. झाकण ठेवून वीस मिनिटं शिजवलं (एटुफे म्हणजे फ्रेंचमध्ये गुदमरवलेलं, म्हणून दमावर). झाकण काढलं तर वर बोटभर पिवळं तेल आणि खाली चोथा. शिवाय खारट.

कोळंबी दोन्ही वेळेला रबर. फ्रोझन पाकीट होतं, सोललेली. धुऊन नेहमीसारखं हळद, मीठ, लिंबू लावून तासभर ठेवली होती. काय चुकतंय?

ह्यूस्टनकर

बॅटन रूजहून चार-साडेचार तासांवर राहतो, त्यामुळे बोलायचा थोडा हक्क सांगतो. :)

तुमचा पहिला प्रयत्न जास्त बरोबर होता. प्रमाण ठीक होतं, वेळ कमी पडला. मैद्याचा कच्चेपणा मिनिटभरात जात नाही. मंद आचेवर आठ-दहा मिनिटं लाकडी उलथन्याने सतत हलवत राहायचं, बेसनाच्या लाडवासारखंच. आधी पांढरा फेस येतो, मग मिश्रण सैल पडतं, मग भाजलेल्या शेंगदाण्यासारखा वास येतो. तो वास आला की लगेच चिरलेल्या भाज्या आत. भाज्यांच्या पाण्याने रूचं भाजणं तिथल्या तिथे थांबतं. घरमालकीणबाईंचं "तयार दिसला की" म्हणजे हेच.

चॉकलेटी, काळपट रू गंबोसाठी (तिकडचं दाट रश्शाचं कालवण). तो तेलात करतात, कारण बटरमधला दुधाचा अंश तितकी आच सोसत नाही, करपतो. एटुफेला बदामी रंगावर थांबा. आणि दोन-तीन काळे ठिपके दिसले तरी टाकून द्या, हळहळू नका. करपलेला रू कशानेही झाकत नाही.

खाडीकाठची

ताई, एक तास लिंबू??

कोळंबी आंबटात तासभर राहिली की तिथेच अर्धी शिजते, मग ती वीस मिनिटं उकळलीत. रबर नाही होणार तर काय होणार. आपल्या कालवणात चिंच-कोकम असतंच, पण ते रश्शात. कोळंबीला लावून ठेवायचं तर हळद-मीठ, तेही दहा मिनिटं. या पदार्थात हळदही नको, सगळा रंग खाईल. लिंबू वाढताना पिळा.

शिजवायचं म्हणाल तर सॉस पूर्ण तयार झाल्यावर, शेवटी. मध्यम कोळंबी खदखद नसलेल्या गरम सॉसमध्ये तीन मिनिटं, फार तर चार. अर्धगोल झाली की गॅस बंद. घट्ट वेटोळं व्हायची वाट बघू नका, कारण गॅस बंद केल्यावरही भांड्याच्या उष्णतेत ती शिजतच राहते. दम द्यायचा तो भाज्यांना.

आणि सोललेली कोळंबी घेताच कशाला? या पदार्थाचा जीव डोक्यात आहे.

भाताची_मूद

@खाडीकाठची, लिंबाचं वाचून डोक्यावर हात मारून घेतला. सवयीने लावते हो, कधी विचारच केला नाही.

पण डोकी कुठून आणू? जून चालू आहे, मासेमारी बंद. आमच्या कोळणीकडे सध्या सुकटच दिसतंय.

खाडीकाठची

बंदी यांत्रिक बोटींना असते. खाडीतल्या लहान होड्यांची थोडीफार कोळंबी पावसातही येते, सकाळी लवकर गेलात तर मिळेल. नाहीतर तळ्यातली व्हॅनामी घ्या, ती बाराही महिने असते आणि डोक्यासकट मिळते. समुद्राच्या कोळंबीइतकी चव नाही तिला, मान्य. पण बटर आहे, निभावून जाईल.

आता नीट वाचा. किलोभर कोळंबी सोललीत की डोकी आणि सालं धुऊन निथळा. पातेल्यात चमचाभर तेलावर ती लालभडक होईपर्यंत परता, उलथन्याने डोकी दाबत राहा. त्यातून केशरी तेल सुटतं, ते महत्त्वाचं. मग कांद्याची टोकं, सेलरीचा पाला, चार मिरे आणि लिटरभर पाणी. वीस-पंचवीस मिनिटं उकळलं की गाळून घ्या, डोकी पुन्हा दाबून. माझी आजी कोळंबीच्या आमटीला डोकी पाट्यावर वाटून त्याचा रस गाळून घालायची, तोच प्रकार. हे पाणी वापरलंत की तुमच्या सासूबाई पिठलं म्हणणार नाहीत.

(काळा दोरा काढायला विसरू नका. पाहुण्यांसमोर कचकच लागली की मेल्याहून मेल्यासारखं होतं.)

प्रयोगशाळेतला_आचारी

सॉस का फुटला ते सांगतो. बटर म्हणजे सगळं फॅट नव्हे. साधारण ८० टक्के फॅट, बाकी पाणी आणि थोडा दुधाचा घन भाग. पाण्यात हे फॅट अडकवून ठेवायचं काम मैद्याचा स्टार्च करतो. तुमचे दोन चमचे म्हणजे जेमतेम १५-१६ ग्रॅम मैदा, त्याच्यावर १५० ग्रॅम बटरचं ओझं. वर वीस मिनिटं उकळून पाणी आटवलंत. तेल वर येणारच.

असं करून बघा: ६० ग्रॅम बटर, ४५ ग्रॅम मैदा, ५०० मिली कोळंबीचं पाणी (ते गरम असू द्या आणि थोडं थोडं घाला). झाकण ठेवून अगदी मंद आचेवर पंधरा मिनिटं. मग कोळंबी. गॅस बंद केला की फ्रीजमधलं थंड बटर ३० ग्रॅम, तुकडे करून, एकेक तुकडा घालत भांडं गोल हलवायचं. उकळीत घातलंत तर त्याचं नुसतं तूप होईल, गॅस बंद असताना घातलंत तर सॉसला चकाकी येईल. एवढं चार माणसांना पुरतं, तुम्ही दुप्पट घ्या.

एवढं करूनही फुटलाच, तर आणखी बटर घालू नका. सगळे घाबरून तेच करतात. दोन-तीन चमचे गरम पाणी घालून जोरात घोटा, बहुतेक वेळा पुन्हा जुळतो.

खारटपणाचं कारण सोपं आहे: पोळीला लावायचं पिवळं बटर खारं असतं. अनसॉल्टेड आणा. फ्रोझन पाकिटाच्या मागे फॉस्फेट लिहिलंय का तेही बघा. त्यामुळे कोळंबी पाणी धरून ठेवते, आपण वजन बघून खूश होतो, आणि कढईत ते पाणी सुटतं.

सात्त्विक_सुगरण

मासे आणि दुधाचे पदार्थ एकत्र खाऊ नयेत असं आमच्याकडे कटाक्षाने पाळतात. कोड उठतं म्हणे. कोणी यावर लिहिलंच नाही म्हणून विचारलं.

ह्यूस्टनकर

हा प्रतिसाद कितवा येणार यावर बायकोशी पैज लागली होती, हरलो.

ताई, पाळायचं त्यांनी जरूर पाळावं. कोड मात्र शरीराच्या प्रतिकारशक्तीच्या गडबडीतून होतं, ताटातल्या जोडीने नाही. तसं असतं तर अर्धं लुइझियाना डागाळलेलं दिसलं असतं.

मांडवीपलीकडे

थोडं अवांतर. एटुफे मुळात क्रॉफिशची, म्हणजे गोड्या पाण्यातल्या लहान शेवंडासारख्या प्राण्याची. तिकडच्या ब्रो ब्रिज या गावाला तर राज्याच्या विधिमंडळाने १९५९ मध्ये 'क्रॉफिशची जागतिक राजधानी' ठरवून टाकलं. गंमत अशी की तिथले शेतकरी भात कापला की त्याच शेतात पाणी सोडून क्रॉफिश वाढवतात. एकाच चिखलातून भात आणि भातावरचं कालवण!

आमच्या गोव्यात खाजन शेतीत हेच आहे. बांध घालून खारं पाणी अडवायचं, पावसाळ्यात कोरगुट भात, आणि मानशीच्या (बांधातून पाणी आत-बाहेर सोडायची वाट) दाराशी जाळं लावलं की सुंगटां, म्हणजे कोळंबी. त्यामुळे भाताकडे दुर्लक्ष करू नका. इंद्रायणी, आंबेमोहोर या पदार्थाला नकोत, चिकट गोळ्यावर सॉस नुसता बसून राहतो. बासमतीचा वास सॉसवर कुरघोडी करतो. साधा कोलम मोकळा शिजवा.

भाताची_मूद

कोलम! नावात मूद घेऊन मी बासमती करत होते. सेलरी नाही मिळाली तर काय?

खाडीकाठची

कोथिंबिरीच्या जाड काड्या बारीक चिरून घाला. तीच चव येणार नाही, पण हिरवा करकरीतपणा येतो. ढोबळी मिरची मात्र हिरवीच, लाल गोड पडते. तिखटाला काश्मिरी मिरचीपूड आणि भरपूर मिरी. गरम मसाल्याच्या डब्याला हात लावलात तर बघा.

भाताची_मूद

अपडेट. शनिवारपर्यंत थांबायचा धीर नव्हता, काल अर्ध्या मापाने करून बघितलं.

सकाळी साडेसहाला कोळणीकडे. खाडीची कोळंबी होती, लहान, पण डोक्यासकट आणि ताजी. सोलायला पाऊण तास गेला. डोकी परतताना केशरी तेल सुटलं ते बघून नवरा स्वयंपाकघरात येऊन उभा राहिला, म्हणाला, "बॅटन रूजचा वास येतोय." रूला अकरा मिनिटं लागली. लहान कोळंबी म्हणून दोनच मिनिटं ठेवली. शेवटचं थंड बटर फिरवताना सॉस असा काही चमकायला लागला की मी एकटीच हसत होते.

सासूबाईंनी दोनदा भात घेतला. पिठल्याचा विषय निघाला नाही. फक्त म्हणाल्या, "कोकमाचं एक आगळ हवं होतं बाजूला." शनिवारी सोलकढी ठेवतेय.

शेवटचा प्रश्न: पाहुणे साडेआठला येणार, मला सात वाजता ओट्यावरून मोकळं व्हायचंय. आधी करून गरम केलं तर?

खाडीकाठची

सॉस दुपारीच करून ठेवा, कोळंबी आणि शेवटचं बटर सोडून. कोळंबी सोलून फ्रीजमध्ये. माणसं हात धुवायला उठली की सॉस गरम करायचा, घट्ट झाला असेल तर उरलेल्या कोळंबीच्या पाण्याने सैल करायचा, आणि मग कोळंबी आत. साडेआठला पाच मिनिटं ओट्याशी उभं राहावं लागेल, त्याला इलाज नाही. नवऱ्याला भात वाढायला लावा.