मदत हवी आहे: विनोदी नाटकातला बदलापूरचा मित्र

नमस्कार मंडळी, आमचा डोंबिवलीचा हौशी ग्रुप आहे, यंदा राज्य नाट्य स्पर्धेत उतरायचं ठरलंय आणि संहिता मी लिहितोय. विनोदी, दोन अंकी. पहिला अंक झालाय, दुसऱ्यात अडकलोय.

डोंबिवलीतल्या एकाच चाळीत वाढलेले चार मित्र, आता पन्नाशीचे, शनिवारी रात्री जमतात. चाळ रिडेव्हलपमेंटला गेलीय, मग जमायचं कुठे, तर एकाच्या घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये, २२ वा मजला. दुसरा डोंबिवलीतच भाड्याने, तिसरा न्यू जर्सीहून आलेला, चौथा बदलापूरला. सेट एकच, हॉल, आणि एक्झिट तीन: मेन डोअर, किचन, बेडरूम. बदलापूरवाला खाली गेटवर उभा, सिक्युरिटी ॲपवर त्याची एंट्री अप्रूव्ह होत नाही, आणि वर तिघं त्याच्याबद्दल बोलतायत तेव्हा इंटरकॉम चालूच राहिलाय. इथून पहिला अंक जो पळतो तो थेट इंटरव्हलपर्यंत.

गेल्या रविवारी घरी वाचन ठेवलं. लाफ्टर मस्त आले. पण ज्याच्यावरून हे पात्र घेतलं तो माझा खरा मित्रही आला होता, बदलापूरहून, येताना पिशवीभर जांभळं घेऊन. सगळ्यांबरोबर हसत होता. मग ती ओळ आली, फ्लॅटवाला बायकोला हळूच म्हणतो, "शेवटची कर्जत लोकल चुकली तर हा आपल्याकडेच राहील गं." सगळे फुटले आणि हा उठला, स्वतःचा कप घेऊन किचनमध्ये गेला, मग परत येऊन आमचेही कप नेले, सगळे धुतले, ओट्यावर पालथे घातले आणि निघतो म्हणाला. मला तेव्हापासून चैन नाही. सीएसएमटीपासून डोंबिवली ४८ किलोमीटर, बदलापूर ६८. भावांत वाटण्या झाल्यावर त्याच्या वाट्याच्या पैशात वन बीएचके तिथेच बसत होता, बाकी काही नाही, आणि ह्या २० किलोमीटरवर मी दर तिसरा पंच मारलाय.

ते पंच काढून बघितले तर पहिला अंक ढेपाळतो. दुसऱ्या अंकात त्याला एक मोठं भाषण दिलं, मनातलं सगळं बोलतो, तर ग्रुप म्हणतो फार जड झालं, लोकं घड्याळ बघतील. काय करू? संहिता तपासून प्रयोगाला प्रमाणपत्र देणाऱ्या परिनिरीक्षण मंडळाकडे ती पाठवायच्या आधी हे सुटायला हवं, प्रमाणपत्र आल्यावर ओळी बदलत बसता येत नाही.

प्रतिसाद:
पंच ठेवा, दुसऱ्या अंकात उलटवा. घोडबंदरवाल्याकडे स्विमिंग पूल आहे पण स्टेशन नाही, हा खरा विनोद आहे आणि ठाण्याचं पब्लिक त्याला टाळ्या देणार. न्यू जर्सीवाल्याची फ्लाइट त्याच रात्रीची करा. घोडबंदर रोडवरच्या गायमुख घाटात ट्रेलर बंद पडलाय, कॅब कॅन्सल होतायत, तिघंही हवालदिल. अशा वेळी लोकलचं टाइमटेबल तोंडपाठ कोणाला? बाईकवर ठाणे स्टेशन, तिथून घाटकोपर, मग एअरपोर्टकडे मेट्रो वन, सगळं तो खुर्चीत बसून सांगतो. मित्राला सोडायला तोच जातो आणि त्यात त्याची कर्जत चुकते. आता फ्लॅटवाल्याने फोनवर त्याला राहायला ये म्हणून विनवू दे, तीच ओळ, उलटी.
भाषण पूर्ण काढा. त्याने खाली उभं राहून सगळं ऐकलंय हे प्रेक्षकांना पहिल्या अंकापासून माहीत आहे, तेवढं पुरे. आणि निघायच्या आधी त्याला स्टेजवर कप धुऊ दे, एकही वाक्य न बोलता. पण हे मित्राला विचारून करा हं, नुसतं उचलू नका.

धागाकर्ता:
खूप खूप आभार, रात्रभर लिहीत होतो. मित्राला फोन केला, आधी सॉरी म्हणालो. थोडा वेळ काहीच बोलला नाही, मग म्हणाला, "कप ठेव रे. पण माझ्या तोंडी रडगाणं नको, मी असा बोलतो का कधी?" तालमींना येणार आहे, गाड्यांच्या वेळा तो तपासणार.

आता एक अडचण राहिली, नेपथ्यवाले कोणी असतील तर सांगा. इंटरकॉम चालू राहिलाय हे डोंबिवलीच्या सावित्रीबाई फुले कलामंदिरात शेवटच्या रांगेला कसं दिसणार? रिसीव्हर लोंबता ठेवला तर तिघांना दिसत कसा नाही असं वाटेल, म्हणून भिंतीवर छोटा लाल दिवा लावायचा विचार आहे, पण लाइट्स फुल असताना तो दिसेल का?