अ‍ॅझ्टेक या जुन्या मेक्सिकोतल्या लोकांत मेलेला माणूस जातो कुठं?

प्रश्न (शिवाजी पेठ, कोल्हापूर): आजीच्या दहाव्याला पंचगंगेच्या घाटावर कावळा शिवायची वाट बघत होतो, तेव्हापासून हे डोक्यात आहे. त्यांच्यात पापपुण्याचा हिशेब होता काय?

उत्तर १: नाही. मरण कसं आलं त्यावर ठरायचं. लढाईत पडलेले सूर्यासोबत जायचे. बाळंतपणात गेलेल्या बायकांचाही तोच मान, दुपारनंतर सूर्याला मावळतीकडं त्याच न्यायच्या. बुडालेले, वीज पडून गेलेले पाऊसदेव त्लालोकच्या हिरव्या मुलखात. बाकी आजारपणानं, म्हातारपणानं गेलेली सगळी मिक्त्लानला, म्हणजे मेलेल्यांच्या मुलखात. तुमची आजीही तिकडंच गेली असती, आणि त्यात शिक्षा काहीच नव्हती. वाट मात्र चार वर्षांची: एकमेकांवर आदळणारे डोंगर, सुरीसारखं कापणारं वारं.

उत्तर २: शेवटी नदी. ती कुत्र्याशिवाय ओलांडता येत नाही, म्हणून पिवळसर कुत्र्याच्या गळ्यात सुती दोरा बांधून त्यालाही सोबत जाळत. पांढरा म्हणायचा, मी आत्ताच अंग धुतलंय. काळा म्हणायचा, मी आत्ताच माखलोय. दोघंही नेत नसत.

प्रश्नकर्ता: आणि मागं राहिलेल्यांनी काय करायचं?

उत्तर १: ८० दिवसांनी नैवेद्य, मग वर्षाला एकदा, चार वर्षं. चौथ्या वर्षानंतर बंद.