मदत हवी आहे: जुन्या कार्टूनमधला यंत्रमानव बिघडतो की बिथरतो?

नमस्कार मंडळी,

आमच्या वाचनालयात महिन्यातून एका रविवारी मुलांना जुनी कार्टून्स दाखवतो, मग त्यावर गप्पा होतात. या वेळी विषय आहे यंत्रमानव. सुरुवात केली १९३३ सालच्या 'मिकीज मेकॅनिकल मॅन'ने. मिकी आपला यंत्रमानव गोरिलाशी मुष्टियुद्धाला उतरवतो. पण मिनीच्या गाडीचा भोंगा ऐकला की हा पठ्ठ्या बेफाम सुटतो. सामना हातचा जायला लागतो तेव्हा मिनी तोच भोंगा वाजवते आणि गोरिलाची धडगत राहत नाही. सगळे हसत होते. तिसरीतल्या एकाने मात्र विचारलं, "काका, तो बिघडलाय की त्याला राग आलाय?"

मला पटकन उत्तर देता आलं नाही. यंत्र बिघडतं आणि बैल बिथरतो, असं आपण म्हणतो. हा यंत्रमानव मला तरी बिथरलेलाच वाटतो.

घरी येऊन आणखी दोन पाहिली, तर गुंता वाढला. १९३७ च्या 'मॉडर्न इन्व्हेन्शन्स'मध्ये डोनाल्ड दोऱ्याला बांधलेल्या नाण्याची चलाखी करून फुकटात प्रदर्शनात शिरतो. तिथली न्हाव्याची खुर्ची त्याला उलटा करते, मग कात्री चालते शेपटीवर आणि बुटाचं पॉलिश बसतं तोंडाला. (ही खुर्ची डिस्ने स्टुडिओतल्या कार्ल बार्क्स या चित्रकाराला सुचली होती, तिचे त्यांना ५० डॉलर मिळाले आणि पुढे ते तिथल्याच कथाविभागात गेले.) खुर्ची आपलं काम मन लावून करते, फक्त गिऱ्हाईक उलटं आहे! आणि १९४१ च्या सुपरमॅनच्या 'द मेकॅनिकल मॉन्स्टर्स'मधले यंत्रमानव तर कुठे चुकतच नाहीत. मालक कळा दाबतो, ते उडत जाऊन दागिने लुटून आणतात. मला सगळ्यात जास्त भीती त्यांचीच वाटली.

कारेल चापेक या चेक लेखकाच्या ज्या नाटकातून 'रोबो' हा शब्द जगभर गेला, ते प्रागमध्ये १९२१ सालीच रंगभूमीवर आलं होतं. त्यात यंत्रमानव स्वतःहून माणसांवर उठतात. तसं, कुणी कळ न दाबता, भोंगा न वाजवता आपल्या मनाने उलटलेलं यंत्र १९४० च्या आधीच्या एखाद्या कार्टूनमध्ये कुणी पाहिलंय का? दहा मिनिटांच्या आतलं आणि कमी संवादांचं असेल तर उत्तम, कारण मुलांना इंग्रजी फारसं कळत नाही.

आणि त्या मुलाला तुम्ही काय सांगितलं असतं? पुढच्या रविवारी तो पुन्हा विचारणार आहे.