अनुभव धागा: लग्नघरात मैत्रीण दुरावते तेव्हा

महिन्याभरात तीन मुलींनी मला जवळजवळ एकच गोष्ट सांगितली. लग्न ठरलं, आणि जिच्या जिवावर सगळं पार पडणार होतं तीच मैत्रीण परकी वागायला लागली. सासूबद्दल, आहेराबद्दल आपण मोकळेपणाने बोलतो. हे दुखणं मात्र सांगायचं कुणाला, तेच कळत नाही. आई म्हणते, "एकदा अक्षता पडल्या की विसरशील." माझ्या लग्नाला अकरा वर्षं झाली. मी विसरलेले नाही.

आपल्याकडे करवली म्हणजे बहीण. हातात करा घेऊन मागे उभी राहायची, बस्स. मैत्रिणींची कामं रुखवत, मेंदी आणि थट्टामस्करी एवढीच. इंदूरात आता संगीत आलं, एकसारखे लेहंगे आले, डान्सची प्रॅक्टिस आली. कामं वाढली, पण कोणी काय करायचं हे समोरासमोर कोणी बोलतच नाही. मग रुसवे होतात.

म्हणून हा धागा. नाव लिहू नका, कुठून लिहिताय तेवढं पुरे. कोणाची ओळख पटेल असंही काही नको. सुरुवात मी करते.

रामबाग (धागा काढणारी)

नोव्हेंबर 2014. शिशुवर्गापासूनची मैत्रीण. रुखवतातली सप्तपदी ती करणार होती: सात पावलं, प्रत्येकावर सुपारीचे नवरा-नवरी, नवऱ्याला फेटा, नवरीला टिकलीएवढी नथ. सामान मीच राजवाड्याजवळून आणून तिच्या घरी टाकलं होतं. लग्नाला दोन आठवडे उरले आणि तिने फोन उचलणं बंद केलं. शेवटी मी आणि आत्या रात्री एक-एक वाजेपर्यंत सुपाऱ्यांना जरी चिकटवत बसलो. फेविकॉलने बोटं इतकी कडक झाली की दुसऱ्या दिवशी मेंदीवाली म्हणाली, आधी हात घासून या.

ती अक्षतांच्या वेळेला आली, आईच्या हातात पाकीट दिलं आणि न जेवता गेली. चार महिन्यांनी तिच्या वहिनीकडून कळलं की त्याच आठवड्यात तिचं ठरत आलेलं लग्न मोडलं होतं. मी मात्र रोज फोन करून विचारत होते, "झाली का गं पावलं?" एकदाही विचारलं नाही, "तू बरी आहेस ना?" आता आम्ही बोलतो, मुलांच्या वाढदिवसाला जातो-येतो. त्या दिवसांचा विषय अजून निघालेला नाही.

सुदामा नगर

आमचं भांडण लेहंग्यावरून. मी आणि सहा मैत्रिणी सीतलामाता बाजारात गेलो, मला पिस्ता रंग आवडला, एकीचे साडेनऊ हजार. ज्याचा त्याने घ्यायचा हे मी गृहीत धरलं, बोलले नाही. पाच जणींनी "मस्त!" लिहिलं, सहावीने नुसता अंगठा टाकला. मग ती प्रॅक्टिसला येईना. मी सगळ्यांसमोर ग्रुपवर लिहिलं, "ज्यांना मनापासून यायचं नाही त्यांनी आत्ताच सांगा." हे वाक्य मला आजही टोचतं.

एका रात्री तिला ओढून सराफ्यात खायला नेलं. भुट्ट्याचा कीस हातात तसाच, ती खाईना. मग म्हणाली, "पप्पांनी दुकान बंद केलंय, घरात कोणाला सांगू नको म्हणालेत." मी घरी येऊन जाहीर केलं की प्रत्येकीने आपापल्या आईची महेश्वरी नेसायची. दोघींचे लेहंगे शिवून झाले होते. त्या चिडल्या, आणि त्यांचं चिडणंही खरंच होतं. एकीने तर लग्नात फोटोलाही उभं राहायला नकार दिला. एकीला सांभाळताना दुसरी गेली.

(रामबाग: पैशाचं आधी बोला. रंग, डान्स, बाकी सगळं नंतर. आणि खर्च तुम्ही सुचवला असेल तर देण्याची तयारी ठेवा किंवा नको म्हणण्याची वाट मोकळी ठेवा. ग्रुपवर विचारू नका, एकेकीला फोन करा. चार जणींसमोर "मला परवडत नाही" असं कोणीही लिहिणार नाही.)

लोकमान्य नगर, सध्या पुणे

मी दुसऱ्या बाजूची. साथ न देणारी मैत्रीण मीच.

नोकरीला लागून पाच महिने झाले होते. तिचा साखरपुडा, केळवण, संगीत, लग्न, सगळं वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या महिन्यांत. पुण्याहून इंदूर म्हणजे रात्रभराची गाडी, येऊन-जाऊन दोन रात्री. माझ्या रजा दोन. तिने प्रत्येक वेळी विचारलं आणि मी प्रत्येक वेळी म्हणाले, "प्रयत्न करते." नाही म्हणायचं धैर्य नव्हतं. तिने मला डान्समध्ये मधोमध ठेवलं होतं. मी संगीताच्या आदल्या संध्याकाळी कळवलं. व्हिडिओत ती रिकामी जागा स्पष्ट दिसते, बाकीच्या जणी तिच्या दोन्ही बाजूंनी नाचतायत. लग्नाला मी पोचले, पण तोवर ती माझ्याशी पाहुण्यासारखी बोलायला लागली होती: "प्रवास नीट झाला ना? जेवून जा हं."

साखरपुड्याच्या वेळीच सांगायला हवं होतं, "लग्नाला दोन दिवस पूर्ण तुझी, बाकी कशाला नाही." ती रागावली असती, पण आठवड्यात निवळली असती.

राजेंद्र नगर (वय 61)

मुलींनो, हे आजचंच आहे असं समजू नका. माझं लग्न 1986 चं, सासर ग्वाल्हेर. मला धाकटी बहीण नाही, म्हणून पाठराखीण म्हणून मैत्रीण आली. चार दिवस राहिली, सासरच्यांनी तिची सरबराई केली, साडी दिली. परत इंदूरला जाऊन तिने गल्लीभर सांगितलं: दोन खोल्यांत नऊ माणसं, नळ अंगणात, आणि नवऱ्याची बोबडी वळते. माझे यजमान थोडे अडखळत बोलत, खरं आहे. ते शब्द फिरत फिरत माझ्या आईपर्यंत आले आणि आई आजारी पडली.

इथे सगळ्या लिहितायत की मागे काहीतरी कारण होतं. माझ्या बाबतीत मला कारण सापडलं नाही आणि मी आता शोधतही नाही. प्रत्येक मैत्री परत जोडायलाच हवी असं नाही. मी तिला कधी घरी बोलावलं नाही.

(रामबाग: काकू, तुम्ही हे लिहिलंत याचं मला बरं वाटलं. समजून घेण्याची सगळी जबाबदारी नवरीवर टाकू नये.)

स्नेहलतागंज

मी मुलगा आहे, चालेल ना? माझ्या लग्नात मित्रांनी वरातीत नाचून घेतलं आणि रात्री वऱ्हाड उतरवायला एकही जण नव्हता. सामान मी आणि मामांनी उचललं. आमच्यात यावर बोलायची पद्धत नाही, म्हणून कोणी बोललं नाही. एवढंच.

नारायण बाग

माझ्याकडे करवलीवरून झालं. माझी इच्छा, करा मैत्रिणीने धरावा. काकू म्हणाल्या, सख्खी नसेल तर चुलत बहीण, बाहेरची कशी? "बाहेरची" हा शब्द तिने ऐकला. त्यानंतर ती पत्रिका वाटायला आली नाही, खजराना गणपतीला पहिली पत्रिका ठेवायला आम्ही दोघी जाणार होतो, तिथेही मी आईबरोबर गेले.

मी तिच्याशी खोटं बोलले नाही. म्हटलं, "घरच्यांसमोर मी हरले, तुझा मान राखू शकले नाही." ती काहीच बोलली नाही. लग्नात गुरुजींची मंगलाष्टकं चालू होती आणि अंतरपाटापलीकडून अचानक तिचा आवाज आला. तिने स्वतः रचलं होतं, नीट शार्दूलविक्रीडित वृत्तात, ओळीला 19 अक्षरं. शाळेत असताना आम्ही दोघी बाकावर बोटांनी अक्षरं मोजायचो. त्यात माझं घरचं नाव होतं. मान खाली होती म्हणून मुंडावळ्यांखाली कोणाला दिसलं नाही, पण मी रडले.

लोकमान्य नगर (दुसरी)

माझं लग्न मेच्या पहिल्या आठवड्यात. यंदा (2026) 17 मेपासून 15 जूनपर्यंत अधिक ज्येष्ठ, त्यामुळे सगळ्यांनी मुहूर्त आधीचेच धरलेत आणि त्याच दिवशी आमच्या तिघींमधल्या आणखी एकीचंही लग्न आहे. माझ्या जिवलग मैत्रिणीने दोघींनाही उत्तर देणं सोडलंय. बारा दिवस झाले. मेसेज वाचते, लिहीत काही नाही. काय करू?

(रामबाग: घरी जा. पत्रिका, यादी, काही नेऊ नको. आणि तिला निवडायला लावू नको.)

लोकमान्य नगर (दुसरी)

ताई, आज सकाळी जाऊन आले. दार तिच्या आईने उघडलं, ती आत केस पुसत होती. मला बघून जागीच थांबली. मग म्हणाली, "बस, पोहे होऊन राहिलेत." आम्ही तिच्या नोकरीबद्दल बोललो, तिच्या आजीच्या गुडघ्याबद्दल बोललो. लग्नाचं मी काढलं नाही, तिनेही नाही. येणार का, अजून माहीत नाही. पण तिने माझ्या प्लेटमध्ये न विचारता जिरावन मसाला जास्त घातला आणि शेव वेगळी दिली, मला लागते तशी.