शब्दचर्चा : अराजक

विद्यार्थिनी, मेहकर

नमस्कार. बी.ए.च्या तिसऱ्या वर्षाला मला राज्यशास्त्र आहे. आंतरराष्ट्रीय संबंधांच्या नोट्समध्ये पहिल्याच पानावर लिहिलंय की आंतरराष्ट्रीय व्यवस्था मुळातच अराजक असते. खाली लगेच करार, राजदूत, व्यापार, संयुक्त राष्ट्रे हे सगळं येतं. मग अराजक आहे कुठं? आपल्याकडे अराजक म्हटलं की दंगल, लूटमार, कुणाचा पायपोस कुणाच्या पायात नाही. माझ्या मैत्रिणीनं उत्तरात 'देशादेशांत सतत मारामाऱ्या चालू असतात म्हणून अराजक' असं लिहिलं, तर तिचे मार्क गेले. हा शब्दच टाळावा का? 'शासनविहीन' लिहिलं तर चालेल?

प्राध्यापक, दर्यापूर

टाळू नकोस. शब्द अगदी नेमका आहे, फक्त रोजच्या वापरात त्याचा अर्थ सरकला आहे. तो कसा सरकला ते पाहण्यासारखं आहे.

अराजक म्हणजे ज्याला राजा नाही ते. संस्कृतात हे देशाचं, जनपदाचं विशेषण म्हणून येतं. वाल्मीकी रामायणाच्या अयोध्याकांडात दशरथ गेलेला, राम वनात, भरत आजोळी, अशा वेळी ऋषी वसिष्ठांकडे येतात आणि लवकर कुणाला तरी राजा करा म्हणतात. तिथं श्लोकामागून श्लोक 'नाराजके जनपदे' या शब्दांनी सुरू होतात. राजा नसलेल्या देशात हे होत नाही, ते होत नाही, अशी मोठी यादीच आहे. त्यातला 'बीजमुष्टिः प्रकीर्यते' हा तुकडा आपल्यासारख्या शेतकऱ्यांच्या मुलांनी पाठ करावा असा आहे. अराजक जनपदात मूठभर बीसुद्धा पेरलं जात नाही. पीक हाती येईल याची हमी कोण देणार?

इथं राजा नसणं हे कारण आणि पेरणी न होणं हा परिणाम, दोन्ही वेगवेगळे ठेवले आहेत. पुढे भाषेनं कारणाचं नाव परिणामाला दिलं आणि अराजक म्हणजे गोंधळ असं होऊन बसलं. अभ्यासक हा शब्द वापरतात तेव्हा ते पहिल्या, जुन्या अर्थानं वापरतात. वर कोणी नाही, एवढंच त्यांना म्हणायचं असतं. गोंधळ होईलच असं त्यात गृहीत नाही. पहिल्या महायुद्धाची कारणं शोधताना इंग्रज लेखक लोव्स डिकिन्सन यांनी १९१६ साली 'युरोपातील अराजक' हेच शब्द पुस्तकाच्या नावात घातले. १९७९ मध्ये अमेरिकी अभ्यासक केनेथ वॉल्ट्झ यांनी तर सगळी मांडणीच त्यावर उभी केली. त्यांचं म्हणणं असं, की देशाच्या आत उतरंड असते, कोण कुणाच्या वर ते ठरलेलं असतं. देशादेशांत ती नसते. म्हणून राज्यकर्ते भले असोत की बुरे, प्रत्येकाला आपल्या सुरक्षेची सोय आपणच पाहावी लागते. हायरार्कीसाठी पुस्तकांत 'श्रेणीबद्धता' लिहितात. मला 'उतरंड' जास्त आवडतो, वर्गात लगेच समजतो.

आता धुऱ्याचं, म्हणजे शेताच्या बांधाचं घे. शेजारी वखरता वखरता दोन तासं आपल्या वावरात आला. भांडण होतं, कधी डोकीही फुटतात. तरी मोजणी मागवता येते, भूमी अभिलेखवाले खुणा रोवतात, तहसीलदाराकडे आणि मग दिवाणी कोर्टात जाता येतं, निकाल मानला नाही तर पोलीस येतात. वर्षं जातात, पैसा जातो, पण वर कोणीतरी आहे. दोन देशांच्या धुऱ्यावर असं कोणी नाही. दोघे वर्षानुवर्षं गुण्यागोविंदानं नांदले तरी ते अराजकच, कारण उद्या बिनसलं तर जायचं कुठं?

'शासनविहीन' यासाठीच नको. शासन प्रत्येक देशाच्या आत आहेच. नाही ते वरती.

कापूस उत्पादक, राळेगाव

सर, नमस्कार. मी बारावीपर्यंतच शिकलो, पण हे सगळं वाचून राहिलो तर एक शंका आली. देशाच्या वर तहसीलदार नाही म्हणता, मंग ते जिनिव्हाचं काय? अमेरिका तिथल्या कापूसवाल्याले सबसिडी देते म्हणून ब्राझीलनं केस टाकली होती अन् जिंकली बी, असं आम्ही तवा पेपरात वाचलं होतं. केस चालते, निकाल लागते, म्हंजे वर कोणी आहेच ना?

प्राध्यापक, दर्यापूर

भाऊ, यापेक्षा चांगलं उदाहरण मला सुचलं नसतं. सविस्तर सांगतो.

ब्राझीलनं जिनिव्हातल्या जागतिक व्यापार संघटनेकडे २००२ मध्ये तक्रार केली. २००४ मध्ये निकाल ब्राझीलच्या बाजूनं लागला, अमेरिकेनं अपील केलं, मार्च २००५ मध्ये अपिलातही मुख्य मुद्दे कायम राहिले. अमेरिकी अनुदानामुळे जगाच्या बाजारात कापसाचा भाव दबतो, हे मान्य झालं. आता गावचा निकाल असता तर पुढं अंमलबजावणी आली असती. इथं अमेरिकेनं थोडे बदल केले, बाकी अनुदान चालूच ठेवलं. ब्राझील पुन्हा गेला, पुन्हा जिंकला. शेवटी २००९ मध्ये संघटनेनं काय दिलं? तर परवानगी. ब्राझीलनं स्वतः अमेरिकी मालावर जादा कर लावावा आणि आपलं नुकसान आपणच वसूल करावं, अशी परवानगी.

जिंकलेल्याच्या हाती कागद येतो आणि वसुली त्यानंच करायची असते. वॉल्ट्झ यांचा 'स्वसाहाय्य' हा शब्द इथं लागू पडतो. ब्राझील मोठा होता म्हणून त्याची धमकी चालली. अमेरिका वाटाघाटीला आली, काही वर्षं पैसे देत राहिली आणि २०१४ मध्ये ३० कोटी डॉलर देऊन प्रकरण मिटवलं. २००३ मध्ये बेनिन, बुर्किना फासो, चाड आणि माली या आफ्रिकेतल्या चार कापूसवाल्या देशांनीही याच अनुदानाविरुद्ध संघटनेत आवाज उठवला होता. अमेरिकी मालावर कर लावून अमेरिकेला जेरीस आणण्याची ताकद त्यांच्याकडे कुठली?

पण भाऊ, तुमची शंका अर्धी खरी आहे, तेही लिहितो. बारा वर्षं दोन्ही देश नियमांच्या भाषेत भांडले. अमेरिकेनं 'आम्ही निकाल ओळखत नाही' असं म्हटलं नाही. उदारमतवादी अभ्यासक यावरच बोट ठेवतात, की संस्था पोलीस नसल्या तरी वागणं बदलतात. हेडली बुल यांनी १९७७ मध्ये यालाच अराजक असलेला समाज म्हटलं. राजा नाही, पण समाज आहे.

जि.प. शिक्षिका, आर्वी

सर, याच अराजकाकडे वेगळ्या नजरेनं पाहणारा एक विचार आहे, 'रचनावाद' (कन्स्ट्रक्टिव्हिझम). त्या शब्दाबद्दल थोडं लिहिते. आम्हा जिल्हा परिषद शाळांतल्या लोकांना रचनावाद म्हटलं की ज्ञानरचनावादाची प्रशिक्षणंच आठवतात. आंतरराष्ट्रीय संबंधांतला रचनावाद वेगळा असला तरी नातं दूरचं नाही. दोन्हीकडे अर्थ आयता मिळत नाही, देवाणघेवाणीतून घडतो. या विचाराचे अभ्यासक अलेक्झांडर वेंट यांनी १९९२ च्या लेखात म्हटलं, की अराजक म्हणजे राज्यं त्याचं जे करतील ते. त्यांचंच उदाहरण आहे: ब्रिटनकडच्या पाचशे अण्वस्त्रांची अमेरिकेला भीती वाटत नाही, उत्तर कोरियाच्या पाचांची वाटते. शस्त्रांची संख्या मोजून हे कळत नाही. मैत्री आणि वैर आधी ठरलेलं असतं, मग शस्त्राला अर्थ येतो.

विद्यार्थ्यांनी 'रचनावाद' आणि 'संरचनात्मक वास्तववाद' यांची गल्लत करू नये. दुसरा वॉल्ट्झ यांचा, वर कोणी नाही ही रचनाच राज्यांना तसं वागायला लावते असं सांगणारा. नावात रचना दोन्हीकडे आहे, पण दोघे एकमेकांच्या विरोधात उभे आहेत.

आणि एक हरकत. देशादेशांत उतरंड नसते हे वाक्य मला वऱ्हाडात बसून पटत नाही. १८५३ मध्ये वऱ्हाडाचा कारभार निजामाकडून इंग्रजांकडे गेला, १९०२ मध्ये कायमचा पट्टा झाला, आणि कागदोपत्री सार्वभौमत्व निजामाचंच राहिलं. १८६१ ते ६५ या काळात अमेरिकेत यादवी चालली, मँचेस्टरला कापूस मिळेना, तेव्हा इथल्या कापसाला सोन्याचे दिवस आले. युद्ध संपताच भाव कोसळले. तरी कापूस बाहेर न्यायला १८७० मध्ये खामगावपर्यंत रेल्वे पोचली. भाव ठरतो तिकडे, पिकतं इकडे. यासाठी 'केंद्र आणि परीघ' हे शब्द आहेत, अर्थतज्ज्ञ राउल प्रेबिश आणि समाजशास्त्रज्ञ इमॅन्युएल वॉलरस्टीन यांच्या मांडणीतले. नोट्समध्ये ते शेवटच्या पानावर चार ओळींत उरकलेले असतात. आपल्या भागातल्या मुलांना ते आधी शिकवायला हवेत असं मला मनापासून वाटतं.

प्राध्यापक, दर्यापूर

ताई, हरकत मान्य. अराजक हे सार्वभौम राज्यांमधल्या नात्याचं वर्णन आहे, आणि त्या काळी जगातले बहुतेक लोक सार्वभौम राज्यांत राहतच नव्हते. सिद्धांत युरोपातल्या राज्यांकडे पाहून लिहिला गेला, ती राज्यं ज्यांच्यावर राज्य करत होती ते त्यात दिसत नाहीत.

विद्यार्थिनी, मेहकर

सर, ताई, खूप आभार. आता वाक्य नीट लागलं. एक शेवटचं. कौटिल्याच्या मंडल सिद्धांतात, म्हणजे राजाभोवतीच्या राज्यांच्या वर्तुळाच्या मांडणीत, अरी (शत्रू), मित्र, मध्यम आणि 'उदासीन' राजा येतो. उदासीन म्हणजे अलिप्त राष्ट्र असं आम्हाला सांगितलंय. बरोबर आहे का?

प्राध्यापक, दर्यापूर

नाही. कौटिल्याचा उदासीन म्हणजे ज्याला कशाचं काही नाही असा माणूस नव्हे. अरी, विजिगीषू (जिंकू पाहणारा राजा) आणि या दोघांच्या सीमेला लागून असलेला मध्यम, या तिघांच्या प्रदेशांबाहेर असलेला, त्यांच्याहून बलवान, आणि त्यांना एकत्र असताना किंवा सुटे असताना मदत करू शकणारा, सुटे असताना दाबूही शकणारा, असा तो राजा. अजून कोणत्या बाजूनं उतरलेला नाही, पण उतरला तर पारडं फिरवेल. दोन्ही महायुद्धांत उतरण्याआधीची अमेरिका या व्याख्येच्या बरीच जवळ येते.

अलिप्ततेचं तसं नाही. १९६१ मध्ये अलिप्त देशांच्या पहिल्या परिषदेला बेलग्रेडला जमलेले देश बहुतेक नव्यानं स्वतंत्र झालेले आणि लष्करी दृष्ट्या दुबळे होते. अमेरिका आणि सोव्हिएत रशिया यांच्या गटांत न जाता प्रत्येक प्रश्नावर आपलं मत आपण ठरवू, अशी त्यांची भूमिका होती. 'तटस्थ' हा आणखी तिसरा शब्द, तो युद्धाच्या कायद्यातला. चालू युद्धात कोणत्याच बाजूनं भाग न घेणारा देश तटस्थ, त्याला ठरावीक हक्क आणि बंधनं असतात. नेहरू अलिप्ततेला तटस्थता म्हणू देत नसत, ते याचमुळे.

पेपरात उदासीन आला तर आधी व्याख्या लिही, मग अलिप्ततेशी फरक सांग. उदाहरण आजच्या जगातलं दिलंस तरी चालेल, फक्त तो देश बलवान का आणि भांडणाच्या बाहेर कसा, हे दोन्ही दाखवावं लागेल.